नुहा विचारायला आली होती

वर्तमानपत्राच्या कचेरीत बातम्या संध्याकाळपर्यंत शिळ्या होतात, किस्से मात्र होत नाहीत. उलट जितके जुने, तितके फुगत जातात. आमच्या नांदेडच्या कचेरीत नुहाचे इतके किस्से जमलेत की नवीन आलेल्या पोरींना वाटतं, ही बाई आम्ही चहा पिता पिता तयार केली असावी. परवा एकीनं मला सरळ विचारलं, "सुनंदाताई, ती खरंच होती का हो?"

होती म्हणजे काय, आहे. म्हणून म्हटलं, जे मी डोळ्यांनी पाहिलं किंवा तिच्या नि तिथं हजर असलेल्यांच्या तोंडून ऐकलं, तेवढं एकदा लिहून ठेवावं. बाकीचं गंगाधररावांना विचारा. ते आमचे सगळ्यात जुने बातमीदार, आणि किस्सा वाढवून सांगण्यात त्यांचा हात कोणी धरणार नाही.

नुहा पॅलेस्टाईनची. वेस्ट बँकेतल्या एका लहानशा गावची. नांदेडला पत्रकारिता शिकायला आली आणि अभ्यासक्रमाचा भाग म्हणून आमच्याकडं प्रत्यक्ष काम बघायला यायला लागली. बातम्या तपासणाऱ्या डेस्कवर मी एकटीच बाई, त्यामुळं संपादकांनी तिची खुर्ची माझ्या शेजारी लावली. आठ दिवसांत ही गोष्ट गावभर झाली. कोणी तिला सभेत बोलायला बोलवायचं, कोणी सत्काराला. कोणी नुसतंच लांबून बघून 'ही इथं कशाला' असं कुजबुजायचं. ती सगळ्यांना हात जोडून नाही म्हणायची.

मी एकदा तिला त्याचं कारण विचारलं. ती म्हणाली, "आमच्याकडं जन्माला आलेला माणूस आयुष्यभर उत्तरं देत राहतो. कुठून आलीस, कुठं चाललीस, का चाललीस. मला विचारणारी व्हायचंय." तिला एवढंच हवं होतं. पुढं तिच्या नोकऱ्या बदलल्या, देश पुन्हा बदलला, पण हवं होतं ते हेच.

*

आमच्याकडची पत्रकार परिषद बाहेरच्या माणसाला समजावून सांगावी लागते. साहेब येतात. छापील पत्रक वाटलं जातं. मग साहेब तेच पत्रक वाचून दाखवतात. मग पोहे. प्रश्न विचारायचाच झाला तर तो गंगाधररावांनी विचारायचा, आणि तोही "साहेब, उद्घाटन कधी धरायलात?" असा. बाकीच्यांनी माना डोलवायच्या.

नुहाला गंगाधररावांबरोबर नुसतं बघायला म्हणून पाठवलं. मुदखेड भागातल्या गावांसाठी मंजूर करून आणलेल्या कामांची यादी एक साहेब वाचत होते. रस्ते, शाळेच्या खोल्या, पाण्याच्या टाक्या. यादी लांबलचक होती. ती संपली, पोह्याच्या प्लेटा फिरल्या, आणि नुहानं हात वर केला. मोडक्यातोडक्या हिंदीत तिनं विचारलं, की यातली पूर्ण झालेली किती?

गंगाधरराव सांगतात, प्लेटा हातातल्या हातात थांबल्या. साहेबांनी आधी गंगाधररावांकडं पाहिलं. मग ही बाई कुठली म्हणून चौकशी झाली. कळल्यावर साहेबांचा चेहरा एकदम मऊ झाला. "बेटी, तुमच्या देशाची आम्हाला लई काळजी हाय. तुम्ही तिकडचं सांगा, आम्ही ऐकतो."

नुहा म्हणाली, "तिकडचं मला सगळेच विचारतात. इथलं तुम्हाला कोणीच विचारत नाही."

साहेबांनी सगळ्यांना पोहे खाऊन जायला सांगितलं आणि ते निघून गेले. कचेरीत आल्यावर गंगाधरराव संपादकांना म्हणाले, "ह्या बाईला पुन्हा माझ्यासंगं धाडू नका." मग जाऊन बातमी लिहायला बसले.

ती बातमी माझ्याकडं आली. शेवटच्या परिच्छेदात लिहिलं होतं, 'यातील किती कामे पूर्ण झाली, या प्रश्नाला उत्तर मिळाले नाही.' गंगाधररावांच्या बातमीत प्रश्न आलेला मी पहिल्यांदाच बघत होते. पान भरलेलं होतं, दोन ओळी कापायच्या होत्या. मी वरच्या कापल्या.

*

परदेशी विद्यार्थ्याला पोलिसांकडं नोंद करावी लागते. राहण्याची जागा बदलली की पुन्हा, जिल्हा सोडला की पुन्हा. नुहाच्या पहिल्या नोंदीला मी सोबत गेले होते. त्या टेबलावर सूर्यवंशी नावाचे हवालदार होते. निवृत्तीला आलेले, शांत गृहस्थ.

आत शिरल्यावर नुहा टेबलापासून चार पावलं लांब थांबली. बॅग जमिनीवर ठेवली. चेन पूर्ण उघडली. आणि दोन्ही हात अंगापासून जरा लांब, दिसतील असे धरून उभी राहिली. तिला कोणीही काही सांगितलेलं नव्हतं.

हवालदारांनी वर पाहिलं, मग माझ्याकडं पाहिलं. मला उगाचच शरमल्यासारखं झालं. ते म्हणाले, "अवो बाई, बॅग उचला ती. फरशी वली हाय." तिनं बॅग उचलली, पण जागची हलली नाही. त्यांनी खुर्ची पुढं सरकवली, बसा म्हणाले. ती बसली नाही. पुन्हा म्हणाले. तरी नाही. मग सूर्यवंशी हवालदार स्वतःच खुर्चीवरून उठले, आणि फॉर्म त्यांनी उभ्यानंच भरून घेतला.

बाहेर आल्यावर ती एवढंच म्हणाली, की गणवेशातला माणूस आपल्यासाठी उभा राहिलेला आज पहिल्यांदा पाहिला.

पुढं तर ती तिथं घरच्यासारखी जायला लागली. तिचं मराठी अर्धं माझ्याकडून आलं आणि अर्धं त्या टेबलावरून. जाताना कागद घेऊन जायची आणि येताना बातमी घेऊन यायची. शेवटी हवालदारांनी एकदा मला गाठलंच. म्हणाले, "ताई, नोंद मी तिची करायलो का ती माझी करायली, मला काही समजंना."

*

राजकारण मात्र ती शिकली वाढदिवसाच्या पुरवणीत.

ज्यांनी जिल्ह्याच्या पेपरात काम केलंय त्यांना हे सांगायला नको. नेत्याचा वाढदिवस आला की चार पानं शुभेच्छांची. मधोमध साहेबांचा मोठा फोटो आणि भोवती शुभेच्छुकांचे लहान फोटो, रांगा करून. कोण पहिल्या रांगेत, कोण चौथ्या, याचा क्रम साहेबांच्या बंगल्यावरून येतो. बातमीत चूक झाली तर खुलासा छापता येतो. या क्रमात चूक झाली तर काही करता येत नाही.

त्या दिवशी मी एका लग्नासाठी जळकोटला गावी गेले होते. फोटो आले, पण क्रमाची यादी काही आली नाही. बंगल्यावर कोणी फोन उचलेना. पान छपाईला सोडायची वेळ झाली. पान लावणाऱ्यानं नुहाला विचारलं, आता काय करायचं? नुहानं विचार केला की कोणावर अन्याय नको. ती नुकतीच मुळाक्षरं शिकली होती. तिनं सगळे फोटो नावांच्या आद्याक्षराप्रमाणं लावायला सांगितले.

सकाळी सहापासून फोन. तालुकाध्यक्ष तिसऱ्या रांगेत, आणि त्यांनी पक्षातून काढलेला माणूस दुसऱ्या रांगेत! आमचे मालक हार घेऊन बंगल्यावर गेले. संपादकांनी नुहाला उभं करून तासभर झापलं आणि सगळ्या पदांची उतरंड तिच्याकडून कागदावर लिहून घेतली.

दुपारी एक माणूस आला. मुदखेडचा साधा कार्यकर्ता, अंकुश नावाचा. पंधरा वर्षं सतरंज्या उचललेला. त्याचा फोटो नेहमी शेवटच्या ओळीत, तोही अर्धा कापलेला. आज तो साहेबांच्या उजव्या हाताला, पहिला. हे कोणी केलं म्हणून त्यानं विचारलं. आम्ही नुहाकडं बोट दाखवलं. तो तिच्यासमोर हात जोडून उभा राहिला, आणि तसाच निघून गेला.

त्या दिवशी चहा पिताना नुहा मला म्हणाली, "आमच्या गावातही भिंतीवर फोटो असतात ताई. असेच रांगेनं." मी हसत विचारलं, की तिथं क्रम कोण ठरवतं. ती म्हणाली, "तिथं क्रमावरून भांडण होत नाही. त्यातले सगळे गेलेले असतात."

मी विचारायला नको होतं असं अजूनही वाटतं.

*

शेवटच्या सत्रात तिला महिनाभर आमच्या लातूरच्या कार्यालयात पाठवलं. ऐन उन्हाळा, आणि लातूरला नळाला पंधरा-पंधरा दिवस पाणी येत नव्हतं ते दिवस. ती माझ्या मावशीकडं राहिली. मावशीला आधी धाकधूक होती, की ही परदेशातली पोरगी, रोज तीन बादल्या उडवील. तिसऱ्या दिवशी मावशीचा मला फोन. म्हणाली, "अगं, ही पोरगी अर्ध्या बादलीत न्हाती आन् तेच पाणी फरशीला ठेवती. म्याच लाजले."

बाहेरून आलेले बातमीदार रिकाम्या घागरींचे फोटो काढून जात होते. आमचाही फोटोग्राफर तेच काढत होता. नुहा मात्र मावशीच्या मागं लागली होती, की पाणी सोडतं कोण? नगरपालिका, मावशी म्हणाली. नगरपालिका नको, माणूस सांगा. कुणाच्या हातानं येतं?

मावशीनं शेवटी तिला विचारलं, "बाई, तुमच्याकडं बी दुष्काळ हाय का गं?"

"न्हाई मावशी," नुहा म्हणाली. "पाणी लई हाय. चावी आमच्याकडं न्हाई."

मावशी नंतर कितीदा तरी हे मला सांगायची आणि सांगताना पदर डोळ्यांना लावायची. दुसऱ्या दिवशी तिनं नुहाला त्या भागाच्या वॉलमनचं घर दाखवलं. जमिनीखालच्या नळाची चावी फिरवून गल्लीगल्लीला पाणी सोडणारा हा माणूस. नुहा दोन दिवस त्याच्या सायकलमागं चालली. कुठल्या गल्लीला किती वेळ पाणी सुटतं ते वहीत लिहीत गेली. एका गल्लीत चावी दुप्पट वेळ उघडी राहायची. ती गल्ली कोणाची, हेही तिनं त्यालाच विचारलं, आणि त्यानं सांगून टाकलं. आपल्याला कोणी विचारेल असं त्या बिचाऱ्याला कधी वाटलंच नसावं.

बातमी आली, आणि मावशीच्या गल्लीला वेळेवर पाणी यायला लागलं. दोन महिने आलं. मग पुन्हा पहिल्यासारखं झालं. पण ते दोन महिने मावशी गल्लीत ताठ मानेनं फिरली, हे खरं.

*

शिक्षण संपल्यावर ती पॅलेस्टाईनला परत गेली. तिथल्या एका लहान रेडिओ केंद्रात बातमीदार झाली. गाव आणि रेडिओ केंद्र यांच्यामध्ये इस्रायली लष्कराचा नाका. रोज जाता-येता तिथं उभं राहायचं, कधी दहा मिनिटं, कधी चार तास. तिथं कंटाळा आला की ती मला फोन लावायची. आम्ही मराठीत बोलायचो, म्हणजे आजूबाजूला कोणाला काही कळायला नको. नाक्यावरच्या सैनिकांबद्दल ती जे काही बोलायची ते इथं छापण्यासारखं नाही. अस्सल नांदेडचं होतं.

एकदा अशीच बोलत होती. पलीकडून अचानक एका पुरुषाचा आवाज आला, जड जिभेचा. "जेवलास का?"

मला वाटलं, लाइन दुसरीकडं जोडली गेली. मग इंग्रजीत काही बोलणं झालं, ते मला नीट ऐकू आलं नाही. तिनं नंतर सांगितलं. नाक्यावरचा एक तरुण सैनिक तिच्यासमोर येऊन उभा राहिला होता. त्याची आजी कोकणातली, बेने इस्रायली, म्हणजे मराठी बोलणारी ज्यू. कित्येक वर्षांपूर्वी इस्रायलला गेलेली. तो सुट्टीवर घरी गेला की आजी दारातच हे दोन शब्द म्हणते. त्याला मराठी तेवढंच येत होतं, म्हणून बाईलाही 'जेवलास'च. बाकीच्या शिव्या त्याच्या डोक्यावरून गेल्या होत्या.

मी विचारलं, "मग सोडलं का लवकर?"

"न्हाई. आणखी दीड तास उभं केलं, सगळ्यांसारखंच."

"आणि तू काय म्हणालीस त्याला?"

"काय म्हणणार? विचारलं त्याचं उत्तर दिलं. न्हाई म्हटलं, सकाळपासून इथंच उभी हाय."

हे त्याला कळलं नाही, कारण त्याला तेवढेच दोन शब्द येत होते.

*

मग तो रेडिओ बंद पडला. वर्षभर तिनं इकडं तिकडं लिहिलं. आईचं दुखणं वाढलेलं, भाऊ नाही, वडील नाहीत. एका दुपारी तिचा फोन आला. तिच्या गावच्या नगरपालिकेनं तिला प्रवक्त्याची नोकरी देऊ केली होती, आणि ती तिनं घेतली होती.

"ताई, आता मी उत्तरं देणार," ती म्हणाली.

मी भडकले. मग नांदेडला आलीसच कशाला, असं म्हणाले. आपल्या पंख्याखाली बसून हे बोलणं किती सोपं असतं, ते मला नंतर कळलं. तिनं वाद घातला नाही. एवढंच म्हणाली, की जे स्वतः तपासून पाहिलं नाही ते माइकवर बोलणार नाही, ही अट घालून घेतली आहे.

ती अट पहिल्याच महिन्यात उपयोगी पडली. नगराध्यक्षांनी एका बागेचं उद्घाटन केलं. प्रसिद्धिपत्रक नुहाचं. आमच्याकडं पत्रकाचं शेवटचं वाक्य ठरलेलं असतं, 'यावेळी नागरिक मोठ्या संख्येने उपस्थित होते.' तिथंही तसंच असतं म्हणे. नुहानं मोजून लिहिलं, 'यावेळी सतरा नागरिक उपस्थित होते.'

नगराध्यक्षांनी बोलावून विचारलं, की हा काय प्रकार? ती म्हणाली, अठरावे तुम्ही, तुम्हाला धरलं नाही.

हा किस्सा आमच्या कचेरीत आला तेव्हा गंगाधरराव पोट धरून हसले. मग त्यांनी चष्मा काढला, पुसत बसले, आणि म्हणाले, "ही बाई तिथं टिकायची न्हाई." नगराध्यक्षांनी तिला काढलं नाही, कारण सतरा या आकड्यावर लोकांचा विश्वास बसला होता आणि तिनं सांगितलेलं सगळं लोक खरं मानायला लागले होते. असा माणूस पदरी असणं कोणाला नको असतं? पण तिच्यावरच्या या विश्वासावर आपलंही काही खपून जाईल, हे त्यांच्या लक्षात यायला वेळ लागला नाही.

*

आता शेवटचा. हा मी कोणाला चहा पिताना सांगत नाही.

झियाद हा नुहाच्या गावचा कॅमेरामन. रेडिओत तो तिच्याबरोबर होता, नंतर कॅमेरा घेऊन एकटाच फिरायचा. चाळिशीचा माणूस, दोन मुली. नगरपालिकेच्या पत्रकार परिषदेत नुहाला अडचणीत आणणारे प्रश्न विचारणारा तो एकटाच, आणि म्हणून तिचा सगळ्यात लाडका. एके सकाळी इस्रायली लष्कराच्या गाड्या गावात शिरल्या. झियाद चित्रीकरण करत होता. त्याला गोळी लागली, मांडीत. लोकांनी त्याला एका दुकानात आणून ठेवलं आणि नगरपालिकेच्या रुग्णवाहिकेला फोन केला. गावात तेवढी एकच. ती पाऊण तास आली नाही. झियादनं त्या दुकानातच जीव सोडला.

नगरपालिकेचं निवेदन तयार झालं, की झियादला लष्करानं मारलं आणि रुग्णवाहिकाही लष्करानं नाक्यावर अडवून ठेवली. ते नुहानं वाचायचं होतं. तिनं आधी चालकाला गाठलं. मग आणखी दोघांना. आणि मग मला फोन केला.

"गोळी त्यांची," ती म्हणाली. "ते खरं हाय, ते मी वाचणार. पण गाडी कोणी अडवली नव्हती, ताई. गाडी निघालीच नव्हती. नगराध्यक्षांकडं पाहुणे आले होते, त्यांना दाखवायला गाडी फुलं लावून सभागृहासमोर उभी केली होती. चालकाला जागा सोडायची नाही असं सांगितलं होतं."

मी म्हटलं, तिथले पत्रकार विचारतील की. ती म्हणाली, कोणी विचारणार नाही. विचारलं तर शत्रूला मदत केल्यासारखं होतं, आणि ज्यानं विचारलं असतं तो गेला. मग तूच सांगून टाक, मी म्हटलं. तर म्हणाली, "मी सांगितलं तर ते माझं मत होईल, आणि मला काढून टाकतील, आणि गोष्ट तिथंच संपेल. प्रश्न विचारला तर त्यांना उत्तर द्यावं लागेल."

तिची आई डोळ्यासमोर आली. मी तिला म्हटलं, नुहा, असलं काही करू नकोस, आईकडं बघ. मला हेच म्हणावंसं वाटलं आणि मी तेच म्हटलं. ती म्हणाली, पत्रकार परिषद इंटरनेटवर दाखवणार आहेत, बघ.

आम्ही सगळे एका संगणकाभोवती उभे होतो. कोणालाच अरबी येत नव्हतं. मंचावर नगराध्यक्ष आणि आणखी दोघं बसलेले, बाजूला माइकसमोर नुहा. काळा कोट, केस घट्ट बांधलेले, आमच्याकडं होती त्यापेक्षा पुष्कळ बारीक. समोर पत्रकारांच्या खुर्च्या. पहिल्या रांगेत एक खुर्ची रिकामी, तिच्यावर झियादचा कॅमेरा ठेवलेला.

तिनं निवेदन वाचलं. मध्ये एका ठिकाणी थांबली, पान उलटलं, आणि खालचा काही मजकूर सोडून दिला हे आम्हालाही दिसलं. नगराध्यक्षांनी मान वळवून तिच्याकडं पाहिलं. तिनं कागद घडी घालून ठेवला आणि समोर हात केला, विचारा म्हणून.

कोणी हात वर केला नाही. ती थांबली. पुन्हा एकदा सगळ्या रांगांवरून नजर फिरवली. कोणी मोबाइलमध्ये बघत होतं, कोणी जमिनीकडं.

मग ती माइकपासून बाजूला झाली. मंचाच्या तीन पायऱ्या उतरली. पहिल्या रांगेपर्यंत आली, कॅमेरा दोन्ही हातांनी उचलला, त्या खुर्चीत बसली आणि कॅमेरा मांडीवर घेतला. आणि उजवा हात वर केला.

आता पंचाईत अशी झाली की बोला म्हणायचं काम तिचंच होतं, आणि माइकसमोर कोणी नव्हतं. ती हात वर धरून बसून राहिली. गंगाधरराव माझ्या खांद्यामागं होते, त्यांचा श्वास मला ऐकू येत होता. शेवटी नगराध्यक्षांनीच नाइलाजानं मान हलवली.

पत्रकार परिषदेत प्रश्न विचारणाऱ्यानं आधी आपलं नाव सांगायचं आणि मग आपल्या वर्तमानपत्राचं, ही रीत सगळीकडं सारखीच असावी. नुहा उभी राहिली. तिनं नाव सांगितलं. पुढं तिनं जे म्हटलं, ते त्या सगळ्या अरबी बोलण्यात आम्हाला एकदम कळलं. तिनं आमच्या पेपरचं नाव घेतलं, आणि त्याच्यापुढं म्हणाली, नांदेड.

मग तिनं प्रश्न विचारला.